बाजरीच्या घरच्या बियाण्याला मिठाचं पाणी : पहिल्यांदाच करणाऱ्यांसाठी

मे संपत आला की आमच्या गल्लीत एक प्रश्न ठरलेला असतो : "वहिनी, बादलीला मीठ किती टाकू?" विचारणारे बहुतेक नवे असतात. कुणी शहरातली नोकरी सोडून वाट्याची जमीन कसायला आलेलं, कुणी लग्न होऊन या घरातली पहिलीच पेरणी बघणारी. मीही तशीच आले होते, नाशिकहून धुळे जिल्ह्यातल्या शिंदखेडा तालुक्यात. पहिल्या वर्षी मीठ मी बरोबर मोजलं, पण बियाणं धुण्यात कसूर केली. दीड एकरात बाजरी कुठे ओळीनं उगवली, कुठे चार-चार हात काहीच नाही. त्यात पावसानं ओढ दिली आणि दुबार पेरणी करावी लागली. तो खर्च आणि ती काळजी दुसऱ्या कुणाच्या वाट्याला येऊ नये, म्हणून मी जसं करते तसं सगळं इथे क्रमानं लिहिते.

१. आधी हे कशासाठी ते समजून घ्या

बाजरी फुलोऱ्यात असताना हवा ढगाळ आणि दमट राहिली, तर कणसावर गुलाबीसर चिकट थेंब दिसतात. बोट लावलं तर मधासारखी तार सुटते, मुंग्या आणि माश्या त्याच्यामागे लागतात. हा अरगट, बुरशीचा रोग. पुढे थेंब वाळतात आणि दाण्याच्या जागी काळपट, कडक, टोकदार गाठी तयार होतात. मळणीत त्या बाजरीत मिसळतात. काही दाण्याएवढ्याच असतात, म्हणून चाळणीतून सुटतात. सुपानं पाखडल्या तरी सगळ्या निघत नाहीत.

याच गाठी बियाण्याबरोबर शेतात गेल्या तर रोग पुढच्या वर्षी पुन्हा हजर. शिवाय त्या विषारी आहेत. पिठात गेल्या तर मळमळ, उलट्या, चक्कर, गुंगी येते. त्यामुळे खायच्या बाजरीत अशा गाठी दिसल्या तर ती तशीच दळायला नेऊ नका.

साध्या पाण्यात बाजरी टाकली तर चांगला दाणाही बुडतो आणि यातल्या बऱ्याच गाठीही बुडतात. पाण्यात पुरेसं मीठ विरघळलं की पाणी जड होतं. भरीव दाणा त्याहूनही जड, म्हणून तो तळाशी जातो. गाठी, पोकळ दाणे, किडका माल आणि कोंडा त्या पाण्यापेक्षा हलके ठरतात आणि वर येतात. हाताला आणि चाळणीला न जमणारी निवड मीठ-पाणी पाच मिनिटांत करतं. यात मिठाला औषध समजू नका. ते बुरशी मारत नाही, फक्त हलकं आणि जड वेगळं करून देतं. तेवढं झालं की दाण्यावरचं मीठ पूर्ण निघून गेलं पाहिजे. मी पहिल्या वर्षी चुकले ते नेमकं इथेच.

२. कोणत्या बियाण्याला करायचं आणि कोणत्याला मुळीच नाही

घरचं राखलेलं बियाणं असेल, सुधारित वाणाचं, तर करायचं. आमच्याकडे धनशक्ती आहे. लोहाचं प्रमाण जास्त असलेला हा वाण महाराष्ट्रात २०१२ साली आला. तो संकरित नाही, त्यामुळे त्याचं बियाणं घरी राखता येतं. धुळ्याच्या कृषी महाविद्यालयात बाजरी संशोधन योजना आहे, तिथून आलेले आदिशक्ती आणि महाशक्ती मात्र संकरित आहेत. संकरित बाजरीचा दाणा दुसऱ्या वर्षी पेरू नये. ते बियाणं दरवर्षी नवंच घ्यावं लागतं.

दुकानातून आणलेल्या पिशवीतलं बियाणं लाल, गुलाबी किंवा निळसर रंगवलेलं असेल तर ते मिठाच्या पाण्यात अजिबात घालू नका. त्याला औषध आधीच लावलेलं असतं. पाण्यात घातलं की औषध धुऊन जाईल, वर ते विषारी पाणी तुमच्या अंगणात सांडेल. अशा पिशवीचं लेबल, टॅग, पावती आणि मूठभर बियाणं पीक निघेपर्यंत जपून ठेवा. उगवण कमी झाली तर तक्रार करताना हेच मागतात.

३. लागणारं सामान

एकराला बाजरीचं दीड किलोच्या आसपास बियाणं लागतं (हेक्टरी तीन ते चार किलो). तेवढ्यासाठी पुढचं सामान पुरतं :

- प्लास्टिकची किंवा स्टीलची बादली, दहा लिटरची. अॅल्युमिनियमचं पातेलं, तांब्या-पितळेचं भांडं नको. मीठ त्यांना खातं.
- ५ लिटर पाणी आणि १ किलो खडेमीठ. बियाणं जास्त असेल तर मोठ्या बादलीत १० लिटरला २ किलो.
- किराणा दुकानातला असो की घरातला, पण वजनकाटा.
- एक मध्यम बटाटा.
- चहाची मोठी गाळणी किंवा झारा, आणि एक सुती फडकं.
- बियाणं धुवायला गोडं पाणी, किमान तीन बादल्या.
- सावलीत पसरायला गोणपाट किंवा जुनी साडी.
- झाकणाचा प्लास्टिकचा कॅन, उरलेल्या खाऱ्या पाण्यासाठी.

मीठ कोणतंही चालतं. पुडीतलं आयोडीनवालंही चालतं, पण उगाच महाग पडतं आणि त्यातल्या भुकटीनं पाणी थोडं गढूळ दिसतं. सैंधव आणायची काहीच गरज नाही. द्रावणासाठी बोअरचं मचूळ पाणी वापरलं तरी हरकत नाही, पुढे आपण त्यात मीठच टाकणार आहोत. धुण्यासाठी मात्र गोडंच घ्या. घरात पाणी एक दिवसाआड येत असेल तर नळ येईल त्या सकाळीच हे काम काढा.

४. द्रावण तयार करा

१० लिटर पाण्याला २ किलो मीठ, हे प्रमाण पाठ करा. यालाच कृषी विभागाच्या पत्रकात आणि कृषी सहायकांच्या (आता त्यांना सहायक कृषी अधिकारी म्हणतात) बोलण्यात "२० टक्के मिठाचं द्रावण" म्हणतात. समुद्राच्या एका लिटरात साधारण ३५ ग्रॅम मीठ असतं, आपण लिटरला २०० ग्रॅम टाकतोय. हे ऐकून बऱ्याच जणांचा हात आखडतो. "एवढं कशाला, बियाणं जळेल" म्हणून अर्धा किलोवर थांबतात आणि मग गाठी बुडालेल्याच राहतात. बियाणं पाच मिनिटांत जळत नाही. मीठ अंगावर तसंच राहिलं तर मात्र नुकसान होतं.

मीठ वजनानंच घ्या. तांब्यानं, वाटीनं, मुठीनं नको. जाड खड्यांमध्ये पोकळी राहते, बारीक मीठ दाबून बसतं, त्यामुळे एकाच तांब्यात दोघांचं वजन वेगळं भरतं. ओलसर झालेलं मीठ असेल तर आधी दोन तास उन्हात टाका, नाहीतर मिठाच्या भावात पाणीच मोजलं जातं.

आता पाणी ढवळत मीठ थोडं थोडं सोडा. सगळं एकदम ओतलं तर तळाशी थर धरतं आणि वरचं पाणी फिकं राहतं. तळाशी खडे दिसले की "पाण्यात आता आणखी मीठ मावत नाही" असं वाटतं, पण तसं नसतं. एका लिटर पाण्यात साधारण ३६० ग्रॅमपर्यंत मीठ विरघळतं. तुम्ही त्याच्या बरेच खाली आहात, फक्त ढवळत राहा. पाणी गरम केलं तर मीठ लवकर विरघळतं, पण जास्त विरघळतं असं फारसं होत नाही. साखरेचं गणित मिठाला लागू पडत नाही. गरम केलंच असेल तर पूर्ण गार झाल्याशिवाय बियाणं टाकू नका.

मीठ पूर्ण विरघळलं की बादलीकडे नीट बघा. दहा लिटरात दोन किलो मीठ गेलेलं असतं आणि पाणी मात्र पाऊण लिटरभरच वर चढलेलं दिसतं. म्हणजे तेवढ्याच जागेत वजन जास्त आलं. पटत नसेल तर लिटरची रिकामी बाटली काट्यावर ठेवा, मग ती या पाण्यानं भरून ठेवा. साध्या पाण्याचा एक किलो भरतो, याचा एक किलो शंभर ग्रॅमच्या पुढे जातो.

५. बटाट्यानं खात्री करा

बटाटा धुऊन आधी साध्या पाण्यात टाका, तळाला जाईल. तोच मिठाच्या पाण्यात टाका. द्रावण बरोबर असेल तर तो वर येऊन तरंगतो, पाठ पाण्याबाहेर काढतो. मध्येच रेंगाळला किंवा बुडाला तर मीठ कमी आहे किंवा नीट ढवळलेलं नाही. ताजं अंडंही चालतं, पण शिळं अंडं साध्या पाण्यातही वर येतं आणि फसवतं. म्हणून माझा भरवसा बटाट्यावर.

इथे एक इशारा देते, कारण ही गल्लत मी दोन घरांत पाहिली आहे. नवापूरकडे भात लावतात. भाताच्या बियाण्यालाही मिठाचं पाणी देतात, पण ते ३ टक्क्यांचं, म्हणजे १० लिटरला फक्त ३०० ग्रॅम. माहेरून एक प्रमाण ऐकून आलेली सून ते बाजरीला लावते आणि मग म्हणते की काही तरंगलंच नाही. भाताला ३००, बाजरीला २०००. बाजरीसाठी बटाटा तरंगलाच पाहिजे.

६. बियाणं टाका, ढवळा, वरचं काढा

दीड किलोचे दोन भाग करा. एक भाग बादलीत हळूहळू सोडा आणि हातानं नाहीतर लाकडी पळीनं चांगलं ढवळा. कोरड्या दाण्याच्या अंगाला हवेचे बारीक बुडबुडे चिकटलेले असतात, त्यांच्यामुळे चांगला दाणाही सुरुवातीला वर राहतो. ढवळून ते सुटू द्या. मग हात काढून घ्या आणि पाणी निवळू द्या.

पहिल्यांदा बघाल तर इथे दोन मिनिटं थांबा. वर तपकिरी साय धरल्यासारखं होतं : कोंडा, पोकळ दाणे, कुरतडलेले दाणे आणि त्यांच्यात त्या काळपट गाठी. ओल्या झाल्यावर त्या चांगल्या ओळखू येतात. खाली राखाडी-हिरवट बाजरी स्वच्छ बसलेली दिसते. आमच्या घरच्या बियाण्यात काही वर्षी एखादी मूठच वर येते. फुलोऱ्यात पाऊस लागून राहिला असेल त्या वर्षी बरंच निघतं.

गाळणीनं वरचं सगळं काढा, पुन्हा एकदा ढवळा, पुन्हा काढा. सगळं मिळून पाच ते दहा मिनिटं. पाव तासाच्या वर बियाणं खाऱ्या पाण्यात ठेवू नका, आणि या मधल्या वेळात दुसऱ्या कामाला उठू नका.

वर आलेला माल कोंबड्यांना टाकायचा मोह होतो. नका टाकू. गुरांच्या आंबोणातही नको. तो वाळवून जाळा किंवा घरापासून लांब खोल पुरा. हात साबणानं धुवा.

७. धुणं : इथे घाई करू नका

आमच्या सासूबाईंना सगळे जिजी म्हणतात. माझं ते बिघडलेलं शेत बघून त्यांनी एकच विचारलं, किती पाण्यानं धुतलं? मी म्हटलं, एकदा. दुबारच्या वेळी त्या स्वतः बादलीशेजारी बसल्या आणि म्हणत राहिल्या, "मीठ धोई टाक व माय, पुरं धोई टाक."

कारण सोपं आहे. दाण्याला उगवायला पाणी आत ओढावं लागतं. सालीवर मीठ वाळलेलं असेल तर जमिनीत त्याच्याभोवतीची ओल खारट होते आणि दाण्याला पाणी ओढता येत नाही. पाऊस भरपूर झाला तर मीठ वाहून जाऊन दाणा वाचतो. आपल्याकडे मृगाचा एक शिडकावा होऊन आठ-आठ दिवस आभाळ कोरडं राहतं, तिथे तो तसाच पडून राहतो.

तळाचं बियाणं फडक्यात गाळून घ्या. ते खारं पाणी कॅनमध्ये जाऊ द्या, सांडू नका. मग गोड्या पाण्याच्या बादलीत बियाणं टाकून हातानं चोळा, गाळा. पाणी बदला. असं तीनदा. दर वेळी नवं पाणी. त्याच पाण्यात तीनदा बुचकळलं तर काहीच साधत नाही. फडक्यात धरून वरून पाणी ओतणं पुरत नाही, कारण मधल्या दाण्यांपर्यंत ते पोचत नाही.

मीठ गेलं की नाही हे कसं ओळखायचं? चाखून बघू नका. त्या पाण्यात गाठींचा अंश असू शकतो. मी असं करते : काचेच्या तुकड्याखाली काळा कागद ठेवते. काचेवर एका बाजूला कोऱ्या गोड्या पाण्याचा थेंब, दुसऱ्या बाजूला शेवटच्या धुण्याचा थेंब. उन्हात पंधरा-वीस मिनिटांत दोन्ही वाळतात. कोऱ्या पाण्याचाही पुसट डाग राहतोच, आपलं पाणी जड आहे. दोन्ही डाग सारखे दिसले तर काम झालं. धुण्याच्या थेंबाजागी पांढरं दाट वर्तुळ राहिलं, नखानं खरवडलं तर भुकटी निघाली, तर आणखी एक पाणी द्या. पहिल्या धुण्याचा थेंबही शेजारी ठेवून बघा, फरक डोळ्यांना लगेच कळतो.

८. वाळवणं आणि पुढची प्रक्रिया

गोणपाटावर पातळ थर पसरा, ओसरीत किंवा झाडाच्या सावलीत. जूनच्या सुरुवातीचं आपलं ऊन चाळिशीच्या आसपास असतं, पत्र्यावर किंवा कोब्यावर ओलं बियाणं टाकलं तर कोंब आतच मरतो. तासा-दोन तासांनी हात फिरवा. मुठीत घेऊन सोडल्यावर दाणे तळहाताला चिकटले नाहीत की वाळलं. ओलं असताना पिशवीत बांधून ठेवाल तर रात्रीत कोंब फुटतील नाहीतर वास येईल.

हे काम मी पेरणीच्या आधी आठ-दहा दिवस, आभाळ मोकळं असताना उरकते, म्हणजे उगवण तपासायलाही वेळ मिळतो. पाऊस पडल्यावर करायला गेलं तर वाळवायला जागा नसते आणि वापसा, म्हणजे पेरणीजोगी ओल, निघून जातो.

पेरणीच्या दिवशी उरलेलं करायचं. गोसावी (केवडा) या बाजरीच्या दुसऱ्या रोगासाठी मेटॅलॅक्झिल ३५ एसडी हे बियाण्याला चोळायचं औषध, किलोला ६ ग्रॅम, हातमोजे घालून. त्यानंतर अझोस्पिरिलम हे जिवाणू खत, किलोला २५ ग्रॅम. क्रम हाच ठेवा : आधी औषध, शेवटी जिवाणू खत. मग सावलीत अर्धा तास सुकवून पेरा. औषधाच्या बाबतीत त्या वर्षीची शिफारस तुमच्या कृषी सहायकांना विचारून घ्या.

९. उगवण तपासा

बियाणं वाळलं की त्यातून न निवडता शंभर दाणे मोजा. ओल्या गोणपाटावर दहा-दहाच्या ओळी लावा, गुंडाळी करून सावलीत ठेवा, रोज पाणी शिंपडा. पाचव्या-सहाव्या दिवशी उघडून मोजा. पंचाहत्तर किंवा जास्त कोंब निघाले तर दीड किलोचंच प्रमाण ठेवा. साठ-सत्तर निघाले तर बियाणं त्या मानानं वाढवा. त्याच्या खाली गेलं तर नवं बियाणं बघा. मिठाच्या पाण्यातून काढून न धुतलेले थोडे दाणे वेगळ्या गुंडाळीत ठेवलेत तर धुण्याचं महत्त्व तुम्हाला माझ्या शब्दांशिवाय कळेल.

१०. उरलेल्या खाऱ्या पाण्याचं काय करायचं

ते शेतात, बांधावर, विहिरीजवळ किंवा अंगणातल्या लिंबाच्या मुळाशी ओतू नका. काळ्या जमिनीत मीठ साचलं की ती चोपण होते, पाणी मुरत नाही, वाळली की दगडासारखी होते. तापीच्या काठानं आणि पाटाच्या पाण्याखाली अशा जमिनी आधीच आहेत. हातानं आणखी एक ठिगळ करू नये.

गाळून खारटपणा काढता येईल असंही समजू नका. फडक्यातून गाळलं तर माती, कोंडा राहतो. विरघळलेलं मीठ पाण्याबरोबर खाली उतरतं. ते वेगळं करायचं तर पाणी उडवावं लागतं, आणि त्यासाठी सरपण जाळण्यात अर्थ नाही.

सगळ्यात चांगलं म्हणजे तेच पाणी शेजाऱ्यांना द्या. एका बादलीत चार-पाच घरांचं बियाणं निघतं. दर वेळी दाण्यांबरोबर थोडं पाणी जातं, तेव्हा बटाटा टाकून बघा. तो बुडायला लागला की मीठ वाढवा. पाणी वाढवायचं असेल तर पहिल्या धुण्याचं खारट पाणीच त्यात घाला. आमच्या गल्लीत आता एकाच ओट्यावर सगळ्यांचं होतं. सकाळी आठला सुरू केलं की अकरापर्यंत सहा घरांची गोणपाटं ओसरीत पसरलेली असतात.

शेवटी उरेल ते कॅनमध्ये झाकून ठेवा आणि पाऊसकाळ संपल्यावर, ऑक्टोबरच्या उन्हात, प्लास्टिकच्या पसरट घमेल्यांत पातळ ओतून गच्चीवर ठेवा. जूनमध्ये करू नका. हवेत ओल असली की पाणी उडत नाही आणि तयार मीठही पुन्हा पाझरतं. वाऱ्यानं न हलणाऱ्या घमेल्यात दोन-चार दिवसांनी पृष्ठभागावर बारीक चौकोनी पापुद्रे तरंगायला लागतात, मग जड होऊन तळाला बसतात. एखादा खडा उचलून उजेडात धरा. कडा सरळ असतात, आणि मध्ये पायऱ्यांसारखी खोलगट जागा दिसते. मुलांना हे जरूर दाखवा.

हे मीठ खरवडून बरणीत भरा आणि बरणीवर ठळक लिहा : "बियाण्याचं मीठ, खायचं नाही, गुरांना नाही." बरणी स्वयंपाकघरात ठेवू नका, बियाण्याच्या डब्याशेजारीच ठेवा. पुढच्या वर्षी ते काट्यावर टाकून जितकं कमी भरेल तेवढंच नवं विकत घ्यायचं.